रुग्णालयाकडून आपली पूर्ण फाइल कशी मिळवायची

आठ वर्षांपूर्वी सासूबाईंच्या उजव्या खुब्याचा सांधा बदलला होता. गेल्या वर्षी तो सैल झाला आणि पुन्हा ऑपरेशनची वेळ आली. नव्या डॉक्टरांनी पहिलाच प्रश्न विचारला, "आत कुठल्या कंपनीचा सांधा आहे? साइझ काय?" आम्ही मोठ्या विश्वासाने डिस्चार्ज कार्ड पुढे केलं. त्यावर लिहिलं होतं: उजवा खुबा बदलला, प्रकृती समाधानकारक, टाके दहा दिवसांनी काढणे. डॉक्टर हसले. "सांधा बदललाय हे मला एक्स-रेतही दिसतंय हो."

जुन्या रुग्णालयात गेलो. खिडकीतल्या माणसाने नंबरही न विचारता सांगितलं, "एवढ्या जुन्या फाइली आम्ही ठेवत नाही." नियमाने पाहिलं तर त्याचं चूक नव्हतं, ते पुढे सांगतोच. शेवटी काम झालं ते सासऱ्यांच्या प्लॅस्टिकच्या पिशवीमुळे. तेव्हा ते जिल्हा परिषदेच्या शाळेत नोकरीला होते आणि वैद्यकीय बिलाच्या प्रतिपूर्तीसाठी त्यांनी प्रत्येक कागदाची झेरॉक्स काढून ठेवली होती. त्यात इम्प्लांटच्या बिलाला चिकटवलेले चार स्टिकर होते: वाटीचं, आतल्या अस्तराचं, दांड्याचं आणि वरच्या गोळ्याचं. प्रत्येकावर कंपनी, माप, लॉट नंबर. नव्या डॉक्टरांना नेमकं तेच हवं होतं, कारण मापं कळली की कुठला भाग तसाच ठेवता येईल आणि काढायला कुठली हत्यारं मागवायची, हे आधी ठरवता येतं.

तेव्हापासून नात्यात कोणी दाखल झालं की फोन मला येतो. दरवेळी तेच तेच सांगतो, म्हणून एकदा सविस्तर लिहून काढतोय.

फाइल म्हणजे नेमकं काय

बहुतेक घरांत "रिपोर्ट आहेत सगळे" म्हणतात तेव्हा हातात असतं डिस्चार्ज कार्ड, रक्ताचे दोन-चार रिपोर्ट, एक्स-रेचा लखोटा आणि बिल. रुग्णालयाच्या दृष्टीने हा फक्त निरोपाचा नारळ आहे. खरी फाइल मागे राहते, तिला रुग्णालयाच्या भाषेत इनडोअर केस पेपर किंवा आयपीडी फाइल म्हणतात. तिच्यात काय असतं ते नीट माहीत असलं पाहिजे, कारण जे नावाने मागाल तेच मिळतं.

दाखल करतानाचा फॉर्म आणि पहिल्या तपासणीची नोंद. डॉक्टरांनी रोज राउंडला लिहिलेल्या नोंदी. सिस्टरांच्या नोंदी, ताप-नाडी-रक्तदाबाचा तक्ता, किती पाणी गेलं आणि किती लघवी झाली त्याचा तक्ता. कुठलं औषध किती वाजता दिलं तो औषधांचा तक्ता. सह्या घेतलेली संमतीपत्रं. ऑपरेशन झालं असेल तर ऑपरेशन नोट आणि भूलतज्ज्ञांची वेगळी नोंद. आयसीयूत असाल तर दर तासाचा मोठा तक्ता. रक्त चढवलं असेल तर पिशवीच्या क्रमांकासह त्याची नोंद. बाहेरून बोलावलेल्या तज्ज्ञांचं मत. इम्प्लांट, स्टेंट, डोळ्यातली लेन्स यांचे स्टिकर. आणि सगळे तपासणी अहवाल.

यातले सिस्टरांचे आणि औषधांचे तक्ते लोक मागतच नाहीत. माझ्या मते सगळ्यात बोलके कागद तेच. डॉक्टर राउंडला दोन ओळी लिहितात. रात्री तीनला काय झालं ते सिस्टरच्या नोंदीत असतं. पुढच्या डॉक्टरांना "कुठल्या अँटिबायोटिकने अंगावर पुरळ आलं होतं" हे सांगायचं असेल तर औषधांचा तक्ता उपयोगी पडतो. आपली आठवण त्या कामाची नाही.

हक्क कुठे लिहिलाय

अर्जात टाकायला एकच नियम तोंडपाठ ठेवा. भारतीय वैद्यक परिषदेचे डॉक्टरांच्या व्यावसायिक वर्तणुकीचे २००२ सालचे विनियम. त्यातल्या १.३.१ प्रमाणे दाखल रुग्णाच्या नोंदी उपचार सुरू झाल्याच्या तारखेपासून तीन वर्षं जपून ठेवायच्या असतात. १.३.२ प्रमाणे रुग्णाने किंवा त्याने अधिकार दिलेल्या माणसाने मागणी केली की तिची पोच द्यायची आणि ७२ तासांत कागद द्यायचे. तसं न करणं हे ७.२ प्रमाणे डॉक्टरचं गैरवर्तन ठरतं. हा देशभराचा नियम आहे. कोल्हापूरला चालतो तसाच मडगावला आणि बेळगावलाही.

२०२३ च्या ऑगस्टमध्ये राष्ट्रीय वैद्यकीय आयोगाने नवे विनियम काढले होते आणि त्यात ही मुदत पाच कामकाजाचे दिवस केली होती. पण त्याच महिन्यात ते स्थगित झाले आणि २००२ चेच विनियम पुन्हा लागू झाले. काही रुग्णालयांच्या छापील फॉर्मवर अजून "पाच दिवस" दिसतात, त्याचं मूळ हे. दोन दिवसांवरून मी भांडत नाही. तुम्हीही भांडू नका, कागद मिळण्याशी मतलब.

जोडीला आणखी दोन आधार आहेत. राष्ट्रीय मानवाधिकार आयोगाने रुग्णहक्कांची सनद तयार केली आणि केंद्रीय आरोग्य मंत्रालयाने २०१९ मध्ये ती राज्यांकडे पाठवली. तिच्यात रुग्ण दाखल असताना शक्यतो २४ तासांत आणि घरी गेल्यावर ७२ तासांत प्रती द्याव्यात असं म्हटलंय. झेरॉक्सचा खर्च रुग्णाचा. आणि मुंबई उच्च न्यायालयाने १९९६ सालीच सांगून ठेवलंय की रुग्णाने किंवा जवळच्या नातेवाइकाने मागितल्यास केस पेपरच्या प्रती द्याव्या लागतील; गोपनीयतेचं कारण पुढे करून रुग्णालयाला त्या अडवता येणार नाहीत. गोपनीयता रुग्णाची असते, रुग्णालयाची नाही.

तीन वर्षांची मुदत उपचार सुरू झाल्यापासून मोजतात हे लक्षात ठेवा. मोठी रुग्णालयं संगणकावर नोंदी जास्त काळही ठेवतात, म्हणून जुनी फाइल असली तरी एकदा अर्ज करून बघायला हरकत नाही. आम्हीही केला होता. लेखी उत्तर आलं, "उपलब्ध नाही." तेही जपून ठेवलंय.

कधी मागायची

डिस्चार्जच्या दिवशी पूर्ण फाइल मागून उपयोग नसतो. त्या दिवशी ती बिलिंगमध्ये असते, मग कॅशलेस असेल तर विमा कंपनीच्या टीपीएसाठी, म्हणजे तिचे दावे हाताळणाऱ्या संस्थेसाठी, तिचं स्कॅनिंग चालू असतं, एखाद्या डॉक्टरची सही राहिलेली असते. सगळं पार पडून ती मेडिकल रेकॉर्ड डिपार्टमेंटला, म्हणजे एमआरडीला, पोचायला काही दिवस जातात. साधारण दहा ते पंधरा दिवसांनी अर्ज केला की एका फेरीत काम होतं. टाके काढायला जाल तो दिवस उत्तम.

तीन प्रसंगांत मात्र थांबायचं नाही. रुग्णाला दुसऱ्या रुग्णालयात हलवत असाल तेव्हा, उपचारांबद्दल शंका असेल तेव्हा, आणि रुग्ण दगावला असेल तेव्हा. हलवताना निदान ट्रान्सफर समरी, शेवटच्या दोन दिवसांचे आयसीयूचे आणि औषधांचे तक्ते आणि सगळे स्कॅन मागून घ्या. पाठवलेल्या पण अजून न आलेल्या तपासण्यांची यादीही मागा. कल्चरचा, म्हणजे कुठले जंतू आहेत ते वाढवून पाहण्याच्या तपासणीचा, रिपोर्ट यायला दोन-तीन दिवस लागतात. तोवर रुग्ण दुसरीकडे असतो आणि तो रिपोर्ट जुन्या रुग्णालयाच्या कप्प्यात पडून राहतो. बायोप्सीचंही तसंच. "गाठ काढली, सगळं व्यवस्थित झालं" म्हणून घरी आलेली आणि बायोप्सीचा रिपोर्ट आणायलाच न गेलेली माणसं माझ्या पाहण्यात दोन आहेत.

अर्ज कोण करू शकतं

रुग्ण स्वतः गेला तर ओळखपत्र पुरतं. बाकी वेळी थोडी तयारी लागते.

सज्ञान रुग्ण शुद्धीत असेल तर नवरा, बायको, मुलगा कोणीही असलात तरी त्याचं अधिकारपत्र लागतं. कोऱ्या कागदावर दोन ओळी पुरतात: "माझ्या उपचारांच्या सर्व नोंदींच्या प्रती घेण्याचा अधिकार मी अमुक यांना देत आहे." खाली सही आणि दोघांच्या ओळखपत्रांच्या प्रती. सही करता येत नसेल तर अंगठा, आणि शेजारी दोन साक्षीदार. मुलगी अमेरिकेत आणि आई-वडील साताऱ्यात अशी घरं आता कमी नाहीत. अशा वेळी आईकडून सही करून घेतलेलं पत्र गावातल्या एखाद्या चुलतभावाच्या नावाने करा. मुलीने परदेशातून नुसता ईमेल पाठवला तर एमआरडी दाद देत नाही, आणि ते एका अर्थी बरंच आहे.

अठरा वर्षांखालच्या मुलांसाठी आई किंवा वडील. रुग्ण बेशुद्ध असेल तर संमतीपत्रावर ज्याची सही आहे त्याच नातेवाइकाने अर्ज करावा, म्हणजे "तुम्ही कोण" हा प्रश्न येत नाही. मृत्यूनंतर मृत्यूचा दाखला आणि नातं दाखवणारा कागद, म्हणजे रेशन कार्ड, आधार किंवा विवाह नोंदणीचा दाखला. भावाभावांत वाद असतील तर रुग्णालय सगळ्यांचं ना-हरकत मागतं. अशा घरांनी आधी आपसांत बोलून घेतलेलं बरं.

नावाचा घोळ सगळ्यात जास्त वेळ खातो. रात्री दोन वाजता दाखल करताना काउंटरवर कोणीतरी "सुमन पाटील" सांगतं, आधारवर असतं "सुमनबाई रामचंद्र पाटील", आणि माहेरच्या नावाचं विमा कार्ड तिसरंच. नावावरून शोधू देऊच नका. डिस्चार्ज कार्डावर वरच्या कोपऱ्यात आयपी नंबर (त्या वेळच्या दाखल होण्याचा क्रमांक) आणि यूएचआयडी (त्या रुग्णालयातला रुग्णाचा कायमचा क्रमांक) असतो, तो अर्जात ठळक लिहा. आणि दाखल असतानाच नाव चुकलेलं दिसलं तर तेव्हाच लेखी दुरुस्ती करून घ्या.

अर्ज

मराठीत लिहा. खासगी रुग्णालयात मराठी अर्ज चालत नाही असं मला एकदा सांगण्यात आलं. "मग तसं लेखी द्या" म्हटल्यावर चालला. मी वापरतो तो नमुना असा:

प्रति,
वैद्यकीय अधीक्षक,
(रुग्णालयाचे नाव व पत्ता)

विषय: इनडोअर केस पेपरच्या संपूर्ण सत्यप्रती मिळण्याबाबत.

महोदय,
मी / माझे (नाते) (रुग्णाचे पूर्ण नाव), यूएचआयडी क्र. ____, आयपी क्र. ____, आपल्या रुग्णालयात दि. ____ ते दि. ____ या काळात दाखल होतो / होते. या काळातील सर्व नोंदींच्या सत्यप्रती मला हव्या आहेत. त्यात दाखल करतानाची नोंद, डॉक्टरांच्या दैनंदिन नोंदी, परिचारिकांच्या नोंदी, औषधांचे व आयसीयूचे तक्ते, संमतीपत्रे, ऑपरेशन नोट, भूल दिल्याची नोंद, रक्त दिल्याची नोंद, इम्प्लांटचे स्टिकर, सर्व तपासणी अहवाल, डिस्चार्ज समरी आणि तपशीलवार बिल यांचा समावेश असावा. एक्स-रे, सीटी स्कॅन व एमआरआयच्या प्रतिमा सीडीवर द्याव्यात.
भारतीय वैद्यक परिषदेच्या २००२ च्या विनियमातील १.३.२ प्रमाणे या प्रती ७२ तासांत मिळाव्यात, ही विनंती. प्रतींचे योग्य शुल्क भरण्यास मी तयार आहे. एखादा कागद उपलब्ध नसल्यास तसे लेखी कळवावे.

सोबत: ओळखपत्राची प्रत, अधिकारपत्र, डिस्चार्ज कार्डाची प्रत.

(सही, नाव, मोबाइल, दिनांक)

कारण लिहायचं नाही. नियमात कारणाची अट नाही आणि "दुसऱ्या डॉक्टरांचं मत घ्यायचंय" असं वाचलं की काही ठिकाणी फाइल विनाकारण वरच्या मजल्यावर जाते. तोंडी विचारलं तर "घरी रेकॉर्ड ठेवायला" एवढं पुरे. शेवटचं वाक्य, उपलब्ध नसल्यास लेखी कळवा, ते मात्र गाळू नका. सापडत नसलेले कागद या वाक्याने बऱ्याचदा सापडतात.

पोच

अर्जाच्या दोन प्रती न्या. एक द्यायची, दुसरीवर शिक्का, तारीख आणि घेणाऱ्याची सही घ्यायची. ७२ तास तिथून सुरू होतात. फोनवर केलेली विनंती, रिसेप्शनवरच्या मुलीला सांगितलेला निरोप, ओळखीच्या डॉक्टरांना केलेला व्हॉट्सॲप, यांतून घड्याळ सुरू होत नाही. पोच द्यायला टाळाटाळ झाली तर वाद न घालता बाहेर या, तोच अर्ज रुग्णालयाच्या अधिकृत ईमेलवर पाठवा आणि स्पीड पोस्टानेही टाका. पावती जपा.

काही रुग्णालयांचा स्वतःचा छापील फॉर्म असतो. तो भरायला हरकत नाही, फक्त आपला अर्ज त्याला टाचून द्या. छापील फॉर्मवर बहुतेक वेळा "केस पेपर" एवढाच एक चौकोन असतो.

शुल्काचा दर विनियमात ठरवलेला नाही. कुठे पानामागे घेतात, कुठे ठोक रक्कम, सीडीचे वेगळे. पावती मागा. रक्कम अवाच्या सवा वाटली तर "दरपत्रक दाखवा" एवढंच म्हणा.

सीडी, स्लाइड आणि ब्लॉक

एक्स-रेच्या फिल्मचा मोबाइलवर काढलेला फोटो ऑपरेशन करणाऱ्या डॉक्टरांच्या काही कामाचा नसतो. त्यांना मूळ डिजिटल प्रतिमा लागतात, त्या डायकॉम प्रकारच्या असतात आणि सीडीवर मिळतात. आजकाल लिंकही पाठवतात. ती काही दिवसांनी बंद पडू शकते, म्हणून आली त्या दिवशीच उतरवून घ्या. पेन ड्राइव्ह नेलात तर बहुधा नकार मिळेल, व्हायरसच्या भीतीने. सीडी घेतली की तिथेच त्यांच्या संगणकावर उघडून दाखवायला सांगा. कोरी सीडी घेऊन ऐंशी किलोमीटर परत आलेला माणूस मीच.

कॅन्सरच्या बाबतीत आणखी एक गोष्ट लागते, आणि ती कोणी आपणहून सांगत नाही. काढलेल्या गाठीचा तुकडा मेणाच्या छोट्या ठोकळ्यात जपलेला असतो, त्याला ब्लॉक म्हणतात. त्याच्या अतिशय पातळ कापांच्या काचेवर स्लाइड बनतात. परळच्या टाटा मेमोरियलसारख्या ठिकाणी बाहेरून आलेल्या रुग्णाच्या स्लाइड आणि ब्लॉक पुन्हा तपासले जातात. नुसत्या बायोप्सीच्या रिपोर्टवर उपचार ठरवत नाहीत. त्यामुळे मुंबईची गाडी पकडण्याआधी आपल्या गावच्या पॅथॉलॉजी लॅबमध्ये जाऊन रिपोर्टवरचा बायोप्सी क्रमांक दाखवा आणि स्लाइड व ब्लॉक दोन्ही मागा. ब्लॉक मूळ असतो, त्याची झेरॉक्स होत नाही, म्हणून लॅब सही घेऊन देते आणि काम झालं की परत मागते. किती स्लाइड, किती ब्लॉक, कुठले क्रमांक, हे देणाऱ्याकडून लिहून घ्या. आणि मेण आहे, हे विसरू नका. मे महिन्यात उन्हात उभ्या केलेल्या गाडीच्या डॅशबोर्डवर ती डबी ठेवायची नाही.

हातात आल्यावर

"सर्व कागद मिळाले" यावर सही करण्याआधी पानं मोजा. कंटाळा येतो, मागे रांग असते, तरी मोजा. प्रत्येक पानावर नाव आणि आयपी नंबर तुमच्याच रुग्णाचा आहे का, हे बघा. दुसऱ्याचा रक्ताचा रिपोर्ट फाइलमध्ये घुसणं दुर्मिळ नाही. पाठपोट लिहिलेल्या पानांची एकच बाजू झेरॉक्स झालेली असते, तेही तपासा. तारखा क्रमाने लावून मधला एखादा दिवस गायब नाही ना, ते पाहा. ऑपरेशन नोट आणि भूलतज्ज्ञांची नोंद हे दोन वेगळे कागद आहेत. एकच मिळालं तर दुसरं मागा. विमा किंवा कोर्टासाठी हवं असेल तर प्रत्येक पानावर सत्यप्रतीचा शिक्का लागतो. काही कमी असेल तर त्याच दिवशी, त्याच काउंटरवर, दोन ओळींचा अर्ज: "अमुक तारखेचे तमुक पान मिळाले नाही."

सरकारी रुग्णालय

इथे अर्ज कोणाच्या नावे करायचा हे आधी पाहावं लागतं. ससून, जे.जे., केईएमसारख्या वैद्यकीय महाविद्यालयाच्या रुग्णालयात अधिष्ठाता, जिल्हा रुग्णालयात जिल्हा शल्यचिकित्सक, उपजिल्हा व ग्रामीण रुग्णालयात वैद्यकीय अधीक्षक. अर्ज आवक-जावक विभागात द्यायचा, तिथे पोच बिनतक्रार मिळते. नंतर अभिलेख कक्षात जाऊन विचारत राहायचं. तिथला माणूस सहसा वाईट नसतो, फक्त त्याच्याकडे छतापर्यंत गठ्ठे आणि एकच पंखा असतो. दाखल झाल्याची आणि सुटीची तारीख, वॉर्ड नंबर, युनिटच्या प्रमुख डॉक्टरांचं नाव, एवढं चिठ्ठीवर लिहून दिलंत तर शोध पटकन लागतो. महात्मा फुले जनआरोग्य योजनेतून उपचार झाले असतील तर आरोग्यमित्राला, म्हणजे रुग्णालयात बसणाऱ्या योजनेच्या माणसाला, भेटा. मंजुरीसाठी अपलोड केलेले बरेच कागद कुठे मिळतील ते त्याला माहीत असतं.

साध्या अर्जाने काम झालं नाही तरच माहिती अधिकार. त्याची मुदत ३० दिवसांची आहे, म्हणून ७२ तासांचा रस्ता आधी. महाराष्ट्र सरकारच्या रुग्णालयासाठी ठरलेल्या नमुन्यात, दहा रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प लावून, एकाच विषयावर आणि १५० शब्दांच्या आत अर्ज करायचा, ऑनलाइनही होतो. प्रती पानाला दोन रुपये. दारिद्र्यरेषेखालच्यांना शुल्क नाही. जीविताचा प्रश्न असेल, उदाहरणार्थ पुढच्या रुग्णालयात उपचार या कागदांवाचून अडले असतील, तर तसं स्पष्ट लिहा, मग मुदत ४८ तासांची होते. उत्तर न आल्यास ३० दिवसांत पहिलं अपील. रेल्वेचं रुग्णालय किंवा नागपूरचं एम्स केंद्राच्या अखत्यारीत. तिथे आपला कोर्ट फी स्टॅम्प चालत नाही, पोस्टल ऑर्डर लागते किंवा केंद्राच्या संकेतस्थळावरून भरावं लागतं.

ठरावीक नकार

"फाइल रुग्णालयाची मालमत्ता आहे." मूळ फाइल त्यांचीच, मान्य. आपण प्रती मागतोय.

"विमा कंपनीकडे गेलीय." त्यांच्याकडे मूळ बिलं आणि काही अहवाल जातात, नोंदी ठेवण्याची जबाबदारी रुग्णालयाचीच राहते.

"पोलीस केस आहे." अपघात, भाजणं, विषबाधा यांत मूळ कागद पोलिसांकडे किंवा कोर्टात जाऊ शकतात, रुग्णाचा प्रतींचा हक्क त्याने संपत नाही. फक्त इथे थोडा वेळ जादा धरा आणि पोलीस ठाण्याचा गुन्हा नोंद क्रमांक अर्जात लिहा.

"आधी बिल चुकते करा." १.३.२ मध्ये बिलाची अट कुठेच नाही. तरी थकबाकीचा वाद असेल तर दोन्ही गोष्टी वेगळ्या अर्जांत मांडा, एकाच कागदात भांडण आणि मागणी मिसळू नका.

"डॉक्टर सुटीवर आहेत." डॉक्टर सुटीवर असले तरी एमआरडी उघडी असते.

मानसिक आजाराच्या नोंदींत मात्र एक खरा अपवाद आहे. २०१७ च्या मानसिक आरोग्यसेवा कायद्याच्या कलम २५ प्रमाणे रुग्णाला आपल्या मूलभूत नोंदी पाहण्याचा हक्क आहे, पण एखाद्या माहितीने त्याला गंभीर मानसिक इजा होईल किंवा दुसऱ्या कुणाला धोका होईल असं वाटलं तर डॉक्टर तेवढी माहिती रोखू शकतात. तसं केल्यास रुग्णाला मानसिक आरोग्य पुनर्विलोकन मंडळाकडे दाद मागता येते, हे त्यांनी सांगायला हवं.

तरीही दिली नाही तर

चौथ्या दिवशी एक स्मरणपत्र द्या. भाषा साधी, पहिल्या अर्जाची तारीख आणि नियमाचा क्रमांक एवढंच. माझ्या अनुभवात दहातल्या आठ फाइली या कागदावर बाहेर येतात, कारण आता प्रकरण खिडकीवरून व्यवस्थापनाकडे गेलेलं असतं.

पुढची पायरी नोंदणी करणाऱ्या प्राधिकरणाची. महाराष्ट्रात खासगी रुग्णालयं नर्सिंग होम नोंदणी कायद्याखाली येतात आणि २०२१ च्या सुधारित नियमांनी रुग्णहक्कांची सनद दर्शनी भागात लावणं सक्तीचं केलंय. स्थानिक प्राधिकरणाने तक्रार निवारण कक्ष आणि टोल-फ्री क्रमांक ठेवायचा आहे. शहरात हे काम महापालिकेच्या आरोग्य विभागाकडे, इतरत्र जिल्हा शल्यचिकित्सक किंवा जिल्हा आरोग्य अधिकाऱ्यांकडे. रुग्णालयाच्या भिंतीवर तो फलक आहे का, ते जाता-येता बघून ठेवा. नसेल तर तक्रारीत दुसरा मुद्दा मिळाला.

विशिष्ट डॉक्टरविरुद्ध तक्रार महाराष्ट्र वैद्यक परिषदेकडे जाते. इथे अनेकांची गफलत होते. ही परिषद ॲलोपॅथीच्या डॉक्टरांसाठी. नर्सिंग होम आयुर्वेदाच्या पदवीधर डॉक्टरांचं असेल तर महाराष्ट्र इंडियन मेडिसिन कौन्सिल, होमिओपॅथीच्या असतील तर त्यांची स्वतंत्र परिषद. डॉक्टरांच्या पाटीवरची पदवी आणि नोंदणी क्रमांक नीट वाचून मगच पत्ता लिहा.

शेवटी ग्राहक आयोग. पैसे देऊन घेतलेल्या उपचारांची फाइल न देणं ही सेवेतली त्रुटी आहे, असं म्हणून जिल्हा आयोगात दाद मागता येते; दोन वर्षांच्या आत. सर्वांवर मोफत उपचार करणाऱ्या सरकारी रुग्णालयाला हा कायदा लागू होत नाही, तिथे माहिती अधिकारच. उपचारांत हलगर्जी झाली असं वाटत असेल तर वकिलाकडे जाण्याआधी फाइल हातात घ्या. तक्रारीची मुदत उलटल्यावर नव्हे, आणि रुग्णालयाशी कडाक्याचं भांडण झाल्यावर तर नाहीच.

घरी ठेवताना

ईसीजीची पट्टी आणि औषधाच्या दुकानातली बरीच बिलं उष्णतेने उमटणाऱ्या कागदावर असतात. वर्षा-दोन वर्षांत अक्षरं उडतात. आल्या दिवशी झेरॉक्स काढा. लॅमिनेट करू नका, मशीनच्या उष्णतेने अख्खा कागद काळा होतो.

बाकी सगळं स्कॅन करून एका पीडीएफमध्ये, नावात वर्ष आणि अवयव: "२०२४ खुबा". आभा, म्हणजे सरकारी डिजिटल आरोग्य खात्याचा, क्रमांक काढला की जुनं रेकॉर्ड आपोआप त्यात येतं असा एक समज आहे. तसं होत नाही. चौदा आकडी क्रमांक मिळतो. जोडलेल्या रुग्णालयाच्या नोंदी तुमच्या संमतीने दिसतात, जुने कागद स्वतः चढवावे लागतात. आणि पूर्ण फाइल घरच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर टाकू नका. त्यात एचआयव्हीच्या तपासणीपासून दारूच्या सवयीपर्यंत सगळं लिहिलेलं असतं, आणि ग्रुपमध्ये व्याही असतात.

सासूबाईंचं दुसरं ऑपरेशन नीट झालं. बाराव्या दिवशी टाके काढायला गेलो तेव्हा अर्ज दिला, चौथ्या दिवशी फोन आला. एकशे बारा पानं. सासऱ्यांनी काउंटरवर उभं राहून ती दोनदा मोजली, पान सत्तेचाळीसची मागची बाजू राहिल्याचं दाखवून दिलं, आणि ती मिळेपर्यंत सही केली नाही.